सिंहाचें नांव, वाघाचें आडनांव

व्यक्तिनामांचा अभ्यास हा आपल्याकडे अजून विद्वानांच्या फुरसतीचा विषय मानला जातो. राजवंशांच्या याद्या जुळविण्यांत जे श्रम आम्ही घेतों, त्यांच्या शतांशानेंही आपल्याच दारावरच्या पाटीकडे आम्ही पाहात नाहीं. ज्यास ताम्रपट उकरण्याची दगदग नको असेल त्यानें नवी मुंबईंतील एखाद्या मोठ्या इमारतीच्या जिन्यापाशीं लावलेला रहिवाशांचा फलक सावकाश वाचावा. १९७० सालीं सिडकोची स्थापना झाल्यापासून या नगरांत देशाच्या सर्व प्रांतांतून लोक येऊन राहिले. त्यामुळें एकाच फलकावर सिंह, सिंग, सिन्हा, नरसिंहन्, वाघ, वाघमारे आणि वाघमोडे हीं नांवें शेजारीं शेजारीं नांदतांना दिसतात. पहिल्या चारांत सिंह आहे, शेवटच्या तिहींत वाघ. आणि यांतील मराठी घरें कोणतीं हें वाचकांस सांगावयास नकोच. मराठी आडनांवांत वाघ विपुल आणि सिंह जवळजवळ नाहींच, असें कां व्हावें?

याचें उत्तर प्राणिशास्त्र देईल असें प्रथम वाटतें. नर्मदेच्या दक्षिणेस सिंहाची वस्ती सहसा नव्हती, असें त्या शास्त्राचे जाणते मानतात. आज तर तो सौराष्ट्रांत गीरच्या आसपासच उरला आहे. २०२५ च्या गणनेंत त्याची संख्या ८९१ भरली. उलट वाघ हा सह्याद्रींत, मेळघाटांत, ताडोब्याच्या रानांत पिढ्यान्‌पिढ्या आमचा शेजारी. जें जनावर गोठ्यांतलें वासरूं उचलून नेतें त्याचेंच नांव गांवाच्या तोंडीं बसावयाचें. परंतु एवढ्यानें प्रश्न सुटत नाहीं. सिंह मराठी माणसाच्या नांवांत नाहीं असें मुळींच नाहीं. तो भरपूर आहे, फक्त आडनांवांत नाहीं.

येथें भाषेची साक्ष उपयोगी पडते. संस्कृत ‘व्याघ्र’ प्राकृतांत ‘वग्घ’ झाला आणि मराठींत ‘वाघ’ झाला. सामान्य जनांच्या हातांत शतकानुशतकें फिरून गुळगुळीत झालेलें तें नाणें आहे. सिंहाचेंही असें प्राकृत रूप होतें. कार्ल्याच्या चैत्यगृहासमोर जो थोरला स्तंभ उभा आहे व ज्याच्या माथ्यावर चार सिंह बसले आहेत, त्यावरील सुमारें दोन हजार वर्षांपूर्वींच्या ब्राह्मी लेखांत अग्निमित्रणक नांवाच्या महारठीनें हा ‘सिहथभो’, म्हणजे सिंहस्तंभ, दान केल्याचें नमूद आहे. नवी मुंबईच्या गांवठाणांतील आगरी-कोळी मंडळी एकवीरेच्या दर्शनास कार्ल्यास जातात, त्यांच्या वाटेवरच हा लेख आहे. परंतु तो ‘सिह’ पुढें मराठींत घरगुती झाला नाहीं. आज आम्ही बोलतों तो ‘सिंह’ पोथींतून जसाचा तसा उचललेला आहे. जुन्या वैयाकरणांनीं तो ‘हिंस्’ धातूचीं अक्षरें उलटीं करून साधला; मराठी शेतकऱ्यास हिंसेचा अनुभव आला तो मात्र दुसऱ्याच जनावराचा.

पोथीखेरीज सिंहास आश्रय मिळाला तो राजवाड्याचा. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकांतील पश्चिम क्षत्रप रुद्रदामन् याच्या पुत्राचें नांव रुद्रसिंह. बदामीच्या चालुक्यांचा मूळपुरुष जयसिंह. देवगिरीच्या यादवांत तर ज्याच्या काळीं राज्य सर्वांत विस्तारलें त्या राजाचें नांवच सिंघण, म्हणजे सिंहाचेंच दक्षिणी रूप. ‘संगीतरत्नाकर’ लिहिणारा शार्ङ्गदेव याच्या पदरीं होता, आणि भास्कराचार्यांचा नातू चांगदेव हा याचाच ज्योतिषी. साताऱ्याकडील शिखर शिंगणापूर या राजानें वसविलें अशी परंपरा आहे; पण यात्रेकरूच्या कानास त्या नांवांत आज सिंह ऐकूं येत नाहीं, शिंगच ऐकूं येतें!

पुढें राजपुतान्याच्या वळणावर नांवाच्या शेवटीं ‘सिंह’ जोडण्याची रीत मराठी सरदारांत आली. तींतलें सर्वांत बोलकें उदाहरण अक्कलकोटच्या घराण्याचें आहे. १७०७ सालीं शाहू महाराज मोंगलांच्या कैदेंतून सुटून दक्षिणेंत येत असतां पारद गांवीं त्यांना विरोध झाला. लढाईंत तेथील पाटील मारला गेला. त्याच्या विधवेनें आपलें मूल महाराजांच्या पायांवर घातलें. महाराजांनीं त्या राणोजी लोखंड्याचा सांभाळ पुत्रवत् केला, आणि स्वदेशींचा हा पहिला विजय म्हणून त्याचें नांव फत्तेसिंह ठेवलें. ‘फत्ते’ अरबी, ‘सिंह’ संस्कृत, आणि मूल पाटलाचें. सिंह येथें वंशानें आलेला नाहीं, तो कृपेनें आलेला आहे.

सिंह सामान्य घरांत शिरला तो मात्र राजवाड्यांतून नव्हे, देव्हाऱ्यांतून. नीरा व भीमा यांच्या संगमावरील नरसिंहपूरचा देव किती घराण्यांचें कुलदैवत आहे! त्या कुळांत नरसिंह, नरसिंगराव, नरसू, नरसोबा हीं नांवें पिढी सोडून पिढी येत राहिलीं. नरहरी हें नांवही याच गोत्रांतलें. ‘हरि’ म्हणजे विष्णु एवढेंच आपणांस ठाऊक असतें. परंतु अमरकोशांत सिंहाच्या पर्यायांत ‘हरि’ हाही शब्द दिला आहे, तेव्हां नरहरी म्हणजे नृसिंहच. नरहरी सोनाराच्या नांवांत सिंह दडला आहे हें ध्यानांत आल्यावर त्या सौम्य संताचें स्मरण करतांना आम्हांस क्षणभर हसूं येतें. कृष्णा-पंचगंगेच्या संगमावरील नरसोबाची वाडीही थेट अवताराची नव्हे. कारंज्यास जन्मलेल्या नृसिंह सरस्वती या संन्याशाची ती वाडी. त्यांचें पूर्वाश्रमींचें नांव नरहरीच होतें. म्हणजे संन्यास घेऊनही सिंह सुटला नाहीं! आणि १८८१ च्या जानेवारींत पुण्यास ‘केसरी’ निघाला, त्याचें संपादकपद पुढें ज्यांनीं दीर्घकाळ सांभाळलें ते न. चिं. केळकर, यांतला ‘न’ नरसिंहाचा. दक्षिणेंत हें नांव इतकें रुळलेलें आहे, कीं नवी मुंबईच्या फलकावरचा ‘नरसिंहन्’ हें बहुधा आडनांव नसतेंच. अर्जांतला आडनांवाचा रकाना मोकळा ठेवतां येत नाहीं म्हणून तेथें बापाचें किंवा स्वतःचें नांव येऊन बसतें.

आपल्या देशीं वाघ भेटला म्हणजे सिंहाचा शब्दही कसा ढळतो, याचें फारसी उदाहरण मौजेचें आहे. इराणांत ‘शेर’ म्हणजे सिंह. हिंदुस्थानांत येतां येतां तो वाघ झाला. फरीद नांवाच्या पठाणास शेरखान ही पदवी वाघ मारल्याबद्दल मिळाली अशी कथा आहे; तोच पुढें शेरशहा. युरोपांतही रानांत सिंह नसतां लिओ आणि लिओनार्ड हीं नांवें शतकानुशतकें चाललीं, आणि २०२५ मध्यें निवडून आलेल्या पोपनीं लिओ हेंच नांव चौदाव्यांदा धारण केलें. न पाहिलेल्या जनावराचें नांव मुलास देण्यांत कोणास भय वाटत नाहीं.

सिंहाचा हा मान लोकांस किती प्रिय आहे, तें सिंहगडानें दाखविलें आहे. ४ फेब्रुवारी १६७० रोजीं तानाजी मालुसरे कोंढाणा घेतांना पडले आणि त्यांच्यामुळें गडास सिंहगड म्हणूं लागले, ही हकीकत प्रत्येक मराठी मुलास पाठ असते. परंतु १६६३ सालच्या पत्रांतच सिंहगड हें नांव आढळतें. तानाजीचा पराक्रम यानें तसूभरही कमी होत नाहीं. गडाचें जुनें नांव लोकांनीं त्यांच्या ओंजळींत घातलें, एवढेंच दिसतें.

आतां आडनांवाकडे वळूं. नांव आईबाप ठेवतात, त्यांत आशा असते, नवस असतो; आडनांव बहुधा गांव ठेवतो, आणि गांव पाहिल्याशिवाय ठेवीत नाहीं. कोणाच्या आज्यापणज्यानें वाघ मारला असेल, कोणाचा वाघानें मोडला असेल, कोणी नुसता वाघासारखा गुरगुरत असेल. गांवानें तें नोंदून ठेवलें. (सिंघवींचा सिंह खरा नव्हे, तो संघपतीचा संघ आहे, आणि केसरकरांचें नांव ‘कर’ प्रत्ययानें आधीं सावंतवाडीकडील केसरी गांवाकडे बोट दाखवितें.) वर्गांत विद्यार्थी आडनांवाचा अर्थ विचारतात, तेव्हां पुष्कळदां त्यांस अर्थ नको असतो, कूळ हवें असतें. वाघमारे हें आडनांव अनेक जातींत आढळतें. जात ओळखण्यास तें कुचकामाचें आहे, आणि आमच्या मतें हाच त्याचा थोर गुण होय. त्यास एखादा राजपूत पूर्वज चिकटवून देण्याची जी हौस अलीकडे दिसते ती आम्हांस रुचत नाहीं. ज्या ‘सिंह’ पदासाठीं ही धडपड, तेंच पद १६९९ सालीं आनंदपुरास गुरु गोविंदसिंहांनीं खालशांत येणाऱ्या प्रत्येक पुरुषास दिलें, तें कुळाचा भेद पुसण्यासाठीं.

आडनांवांप्रमाणें गांवांच्या नांवांतही वाघच येथें आधीं आलेला दिसतो. पनवेलच्या खाडीकांठीं वाघिवली आहे, आणि वाघिवलीवाडा होता. तो वाडा नवी मुंबईच्या विमानतळासाठीं उठविलेल्या दहा गांवांपैकीं एक. ८ ऑक्टोबर २०२५ रोजीं त्या विमानतळाचें उद्घाटन झालें. वस्ती हलली तरी तेथल्या माणसांच्या सातबाऱ्यांवर, रेशनकार्डांवर आणि लग्नपत्रिकांवर ‘मूळ गांव’ म्हणून वाघिवलीवाडा अजून लिहिला जातो.