दस्त्याच्या मापाची कुळकथा

छर्ऱ्यांच्या दुनळी बंदुकीला पुढच्या टोकाशी एक बारीक माशी असते, मागे मात्र काहीच नसते. रायफलीला मागे खाच असते. खाच, माशी आणि लक्ष्य एका रेषेत आले की नेम धरला गेला. दुनळीत खाचेचे ते काम नेमबाजाच्या डोळ्याला करावे लागते. खाच नळीला पक्की जोडलेली असते, डोळा तसा जोडलेला नसतो. बंदुकीशी त्याचा जो काही संबंध येतो तो गाल दस्त्यावर टेकतो तेवढ्या दोन-तीन बोटांच्या जागेत. ती जागा किंचित उंच असली तर डोळा वर जातो आणि छर्रे वर जातात. खाली असली तर खाली. दस्ता सरळ असेल आणि चेहरा रुंद, तर डोळा नळीच्या मधोमध न येता एका बाजूला राहतो आणि सारा मारा त्याच बाजूला सरकतो. दस्ता माणसाच्या मापाने बेतण्याची विद्या या एका गोष्टीतून जन्मली, असे माझे म्हणणे आहे. बंदूक खांद्याला बरी बसावी किंवा धक्का कमी लागावा हे हेतू तिला नंतर चिकटले. मुळात ती डोळ्याची जागा पक्की करण्याची विद्या आहे, आणि म्हणूनच ती बंदुकीइतकी जुनी नाही.

आकडे पाहिले म्हणजे ही गोष्ट किती नाजूक आहे ते कळते. डोळ्यापासून नळीच्या तोंडापर्यंतचे अंतर साधारण 90 सेंटिमीटर असते. लक्ष्य 36 मीटरवर असेल, तर ते डोळ्यापासून याच्या चाळीसपट लांब आहे. म्हणजे डोळा जागेवरून 3 मिलिमीटर हलला की मारा 12 सेंटिमीटरनी हलतो, आणि 6 मिलिमीटर हलला की जवळजवळ वीतभर. त्या अंतरावर छर्ऱ्यांचा उपयोगी फैलाव सुमारे 75 सेंटिमीटर व्यासाचा धरतात, म्हणजे मध्यापासून कडेपर्यंत 37-38 सेंटिमीटर. गालाची हाडे, मानेची लांबी, खांद्याचा उतार आणि दोन डोळ्यांतले अंतर माणसागणिक मिलिमीटरनी नव्हे, सेंटिमीटरनी बदलते. म्हणून दस्त्याची चार मापे घेतात. चापापासून दस्त्याच्या टोकापर्यंतची लांबी, नळीच्या रेषेपासून दस्ता गालाशी आणि खांद्याशी किती खाली उतरतो तो उतार, दस्ता रेषेपासून उजवीकडे किंवा डावीकडे किती कललेला आहे तो कल, आणि खांद्याला टेकणाऱ्या टोकाचा कोन. इंग्लंडमधल्या सर्वसाधारण बंदुकीत लांबी 37 सेंटिमीटरच्या आसपास, गालापाशी उतार सुमारे 38 मिलिमीटर आणि कल सहा-सात मिलिमीटर असतो. या चारांपैकी लांबीकडे सगळ्यांचे लक्ष जाते. खरा परिणाम उतार आणि कल यांचा होतो, कारण डोळ्याला तेच हलवतात.

आता मागे जाऊ. जपानची तोड्याची बंदूक खांद्याला लावतच नसत. तिचा दस्ता आखूड असतो आणि तो गालाशी धरतात. धक्का हात आणि जड नळी मिळून पेलतात. 1543 मध्ये पोर्तुगीजांबरोबर जपानात पोचलेल्या या बंदुकीचे कुळ शोधताना अनेक अभ्यासक गोव्यातल्या पोर्तुगीज शस्त्रशाळेपर्यंत येतात. इकडे हिंदुस्थानातली तोडेदार बंदूक सडपातळ आणि जवळजवळ सरळ दस्त्याची असे. युरोपात सोळाव्या शतकात छातीला टेकवून उडवायच्या बंदुकाही होत्या. एकाच काळात दस्ता गालाला, छातीला आणि खांद्यालाही टेकत होता, आणि तिन्ही प्रकारांनी माणसे नेम मारत होती. हे शक्य होते, कारण लक्ष्य उभे होते. कोकणात शेत राखण्यासाठी वापरतात त्या ठासणीच्या बंदुकीचेही तसेच. रानडुक्कर जवळ येईपर्यंत दबा धरायचा, नळीला आधार द्यायचा आणि मग चाप ओढायचा, यात डोळ्याला आपली जागा शोधायला हवा तेवढा वेळ मिळतो. दस्ता बेढब असला तरी मान वाकवून भागते.

हा वेळ पहिल्यांदा हिरावला गेला तो उडत्या पक्ष्यावर नेम धरायला सुरुवात झाली तेव्हा. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात हा छंद फ्रान्सकडून इंग्लंडमध्ये रुजला. 1727 मध्ये जॉर्ज मार्कलंड याने या कलेवर एक पद्यग्रंथच लिहिला. पण त्या वेळची बंदूक गारगोटीच्या ठिणगीवर चाले. चाप ओढायचा, गार पोलादावर आपटायची, रंजक, म्हणजे पेटवणाची दारू, पेटायची आणि ती आग नळीच्या कानातून आत जाऊन मुख्य दारू पेटवायची, असा हा प्रवास होता. त्याला सेकंदाचा विसावा भाग लागतो असे धरले, तरी तेवढ्यात ताशी 60 किलोमीटर वेगाने उडणारा पक्षी 80 सेंटिमीटरहून पुढे सरकतो. शिवाय हा उशीर हवेच्या दमटपणावर आणि रंजकीच्या मोजावर अवलंबून, म्हणजे दर बाराला वेगळा. जिथे पेटण्याच्या उशिरामुळेच चूक फुटांच्या घरात जाते, तिथे दस्त्याच्या तीन मिलिमीटरची चूक कुणाच्या लक्षात येणार? मोठी चूक दूर होईपर्यंत धाकटी चूक दिसत नाही, आणि माझ्या मते दस्त्याच्या मापाची विद्या उशिरा येण्याचे मुख्य कारण हेच आहे.

ही मोठी चूक दूर करण्याचा मार्ग दाखवला तो स्कॉटलंडमधल्या बेलहेल्वी गावच्या एका पाद्र्याने. अलेक्झांडर फोर्सिथ याला पक्ष्यांच्या शिकारीचा नाद होता, आणि रंजकीचा भडका पाहून पाणपक्षी सावध होतात याचे त्याला दुःख होते. आघाताने पेटणाऱ्या रसायनाचा उपयोग करून त्याने 1807 मध्ये पेटंट घेतले. पुढे त्यातूनच टोपीची बंदूक आली. त्याच सुमारास, 1806 मध्ये, लंडनचा नामांकित कारागीर जोसेफ मँटन याने दोन नळ्यांमधली पट्टी उंच करण्याचे पेटंट घेतले होते. मारा खाली जातो ही तक्रार त्याला दिसली होती. ती दूर करायला त्याने नळीकडचा भाग बदलला. हे मला फार बोलके वाटते. डोळा आणि नळी यांचे नाते बिघडते आहे हे उत्तम कारागिराला कळले होते. पण ते नाते दर माणसागणिक निराळे आहे, म्हणून दुरुस्ती माणसाच्या बाजूने करायला हवी, ही कल्पना अजून पक्की झाली नव्हती.

ती पक्की झाली एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात. कासिमिर लेफोशो याने पॅरिसमध्ये 1835 साली पेटंट घेतलेली, मागून काडतूस भरायची बंदूक 1851 च्या लंडनमधल्या भव्य प्रदर्शनात इंग्रज कारागिरांनी पाहिली आणि ठासणीचे दिवस भरले. आता मिनिटाला कितीतरी बार काढता येऊ लागले. त्यासरशी शिकारीची रीतच बदलली. कुत्र्यामागून चालत जाऊन एखादा पक्षी उठवण्याऐवजी हाकारे लावून शेकडो पक्षी रांगेत उभ्या असलेल्या बंदुकांवरून उडवायचे. 30 ऑगस्ट 1888 रोजी लॉर्ड वॉल्सिंगहॅम याने यॉर्कशरच्या माळावर एकट्याने 1,070 ग्राऊस मारले. आज हा आकडा वाचून अंगावर काटा येतो, आणि यावा. पण त्या माणसाच्या हाती प्रत्येक पक्ष्यासाठी किती क्षण होते, हेही त्यातून कळते. बंदूक उचलली, खांद्याला लागली, बार झाला; मान वाकवून नळीवरून पाहायला सवड नाही. अशा वेळी बंदूक खांद्याला लागताक्षणी डोळा आपोआप नळीच्या मध्यावर आला पाहिजे, आणि ते काम दस्त्याच्या आकाराशिवाय दुसरे काहीही करू शकत नाही.

याच काळात बर्मिंगहॅम आणि लंडनच्या कारागिरांनी मापाची बंदूक बनवली. तिच्या दस्त्याला निमुळत्या जागी बिजागरी असते आणि स्क्रू फिरवून त्याची लांबी, उतार, कल, कोन सगळे बदलता येते. गिऱ्हाइकाने चुना फासलेल्या लोखंडी पत्र्यावरच्या खुणेकडे पाहत झटकन बार काढायचे, रेंगाळून नेम धरायचा नाही. छर्ऱ्यांचा ठसा खुणेच्या वर पडला की उतार वाढवायचा, डावीकडे पडला की कल वाढवायचा. ठसे खुणेवर पडू लागले की स्क्रूंवरचे आकडे उतरवून घ्यायचे आणि त्या मापाचा दस्ता अक्रोडाच्या लाकडातून कोरायचा. जुनी बंदूक असेल तर तिचा दस्ता गरम जवसाच्या तेलाने तापवून, साच्यात आवळून वाकवतात आणि थंड होऊ देतात. या बंदुकीला दस्त्याच्या मापाचा उगम मानण्याचा प्रघात आहे. मला तो पटत नाही. गरज आधीच जन्मली होती. या यंत्राने फक्त तिचे आकडे दिले.

दस्ता डोळ्यासाठी आहे याचा सर्वांत भक्कम पुरावा म्हणजे इंग्लंडमध्ये बनलेले वक्र दस्ते. बहुतेकांचा एक डोळा दुसऱ्याहून जोरकस असतो, आणि काही उजव्या माणसांचा डावा डोळा जोरकस असतो. असा माणूस उजव्या खांद्यावरून दोन्ही डोळे उघडे ठेवून बार काढतो तेव्हा नळी उजव्या डोळ्यासमोर असते, नेम मात्र डावा डोळा धरतो, आणि मारा कितीतरी डावीकडे जातो. लंडनच्या कारागिरांनी त्यांच्यासाठी दस्त्याला मोठा बाक दिला, इतका की दस्ता उजव्या खांद्यावर आणि नळी डाव्या डोळ्यासमोर. असा दस्ता दिसायला विचित्र, लाकडाच्या दृष्टीने कमकुवत आणि घडवायला जिकिरीचा. खांद्याच्या सोयीचा किंवा देखणेपणाचा थोडाही विचार असता तर तो कुणी घडवला नसता.

या सगळ्यावर पहिला आक्षेप असा की हे श्रीमंतांचे चोचले आहेत. ड्यूक आणि आपल्याकडचे संस्थानिक लंडनमध्ये कोट शिवून घेत तशीच बंदूक बेतून घेत. सुरुवात श्रीमंतांकडे झाली हे खरे आहे. पण रीत केवळ प्रतिष्ठेची असती तर ती त्या वर्गाबरोबर संपली असती. आज कारखान्यात हजारोंनी निघणाऱ्या बेताच्या किमतीच्या बंदुकांबरोबरही दस्ता आणि यंत्र यांच्यामध्ये बसवायच्या पातळ चकत्या येतात, ज्या बदलून उतार आणि कल कमीजास्त करता येतो. 1880 मध्ये सिनसिनाटीच्या जॉर्ज लिगोव्स्कीने मातीच्या उडत्या तबकड्या आणल्या आणि या नेमबाजीला पक्ष्यांची गरजच उरली नाही. तरी गालाचा भाग वर-खाली होणारा दस्ता तबकड्यांच्या स्पर्धेत सर्रास दिसतो.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. सैनिकाला सरसकट एकाच मापाची बंदूक देतात आणि तो उत्तम नेमबाज होतो. म्हणजे शरीर बंदुकीशी जुळवून घेते. हे अंशतः मान्य करायला हवे. सरावाने माणूस मान वाकवायला, गाल दाबायला शिकतो. पण सैनिकाच्या रायफलीला मागे खाच असते, म्हणून डोळा चुकला तर त्याला ते दिसते. आणि सैन्यानेही सरसकट एकच माप ठेवले नाही. पहिल्या महायुद्धातल्या ब्रिटिश ली-एनफिल्ड रायफलीचे दस्ते चार लांबींत मिळत. उतार आणि कल मात्र सगळ्यांना एकच. खाच असलेल्या शस्त्राला लांबी पुरते, हेच त्यातून दिसते. पॅरिसच्या 2024 सालच्या ऑलिंपिकमध्ये 50 मीटर रायफलच्या तीन स्थितींच्या प्रकारात कांस्यपदक मिळवणाऱ्या कोल्हापूर जिल्ह्यातल्या स्वप्निल कुसाळेसारख्या नेमबाजांच्या रायफलीवर गालाचा आधार आणि मागचे टोक दोन्ही सरकते असतात, तेव्हा खाचेचा मुद्दा कोसळतो असे कुणी म्हणेल. पण तिथे गुडघा टेकून, पालथे पडून आणि उभे राहून नेम धरायचा असतो. शरीराची ठेवण तीनदा बदलते आणि दर वेळी ती बराच वेळ अचूक टिकवावी लागते. रायफलीचा दस्ता स्थैर्यासाठी बदलतो, दुनळीचा दस्ता नेमासाठी. दोन्हींत स्क्रू सारखेच असले तरी त्यांची कुळे वेगळी आहेत.

राहिला एक आक्षेप, ज्याला उत्तर म्हणजे कबुलीच द्यावी लागते. शरीर बदलते, थंडीत जाड कपडे घातले की लांबी वाढल्यासारखी होते, वजन घटले की गाल आत जातो, आणि वाकवलेले अक्रोडाचे लाकूडही हळूहळू मूळ जागी येऊ पाहते. एकदा घेतलेले माप जन्माला पुरत नाही. त्याहून मोठी उणीव अशी की कारखान्यातला ठोक दस्ता प्रदीर्घ काळ मध्यम बांध्याच्या पुरुषासाठीच निघत आला. ज्या नेमबाज स्त्रीची मान लांब आहे तिचा गाल अशा दस्त्यापर्यंत पोचत नाही, आणि खालचे टोक छातीत रुतते. दस्ता नुसता कापून आखूड करणे हा तिच्यासाठी वर्षानुवर्षे सुचवला गेलेला उपाय होता, आणि तो चुकीच्या मापाला हात घालणारा होता. गालाची जागा उंच करणे, मागच्या टोकाचा कोन बदलणे आणि खालचे टोक बाहेरच्या बाजूला कलवणे ही खरी दुरुस्ती; खास स्त्रियांसाठी बनवलेल्या दुनळी बंदुकांत ती आता कुठे कारखान्यातूनच मिळू लागली आहे.