मिठी नदी विकास व संरक्षण प्राधिकरण

मिठी ही नदी आहे, हे बहुसंख्य मुंबईकरांना २६ जुलै २००५ रोजी कळले. तोपर्यंत तिची ओळख एक मोठा नाला एवढीच होती. त्या दिवशी सांताक्रूझ येथे २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस कोसळला, तर कुलाब्यात जेमतेम ७३ मिलिमीटर. त्यातच समुद्राला भरती असल्याने पाण्याला वाट उरली नाही आणि कुर्ला, कलिना परिसर पाण्याखाली गेला. या आपत्तीनंतर महिन्याभरातच, ऑगस्ट २००५ मध्ये, राज्य सरकारने मुख्यमंत्र्यांच्या अध्यक्षतेखाली हे प्राधिकरण स्थापन केले.

विहार व पवई तलावांच्या सांडव्यापासून निघणारी मिठी १७.८४ किलोमीटर वाहून माहीमच्या खाडीला मिळते. वाटेत तिला काय काय सोसावे लागते, हे पाहिले की पुराचे आश्चर्य वाटत नाही. विमानतळाजवळ तिला काटकोनात वळावे लागते. काठावर झोपड्या, भंगाराची गोदामे आणि कारखाने. मुखाशी वांद्रे-कुर्ला संकुलासाठी घातलेली भर. या अतिक्रमणात झोपडीवाल्यांइतकाच सरकारचाही वाटा आहे, मात्र कारवाईची कुऱ्हाड पहिल्यांदा झोपड्यांवरच कोसळते.

नाव प्राधिकरणाचे असले, तरी प्रत्यक्ष काम दोन यंत्रणांत विभागले गेले. कुर्ल्याच्या सीएसटी पुलापासून माहीम कॉजवेपर्यंतचा सहा किलोमीटरचा पट्टा मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे, तर वरचा ११.८४ किलोमीटरचा पट्टा महापालिकेकडे सोपवण्यात आला. पुराच्या कारणांचा शोध घेणाऱ्या डॉ. माधवराव चितळे समितीचा अहवाल २००६ मध्ये आला. खडकवासल्याचे केंद्रीय जल व विद्युत संशोधन केंद्र आणि आयआयटी मुंबई यांचे अभ्यासही हाताशी होते. त्यांच्या आधारे पात्राचे रुंदीकरण, खोलीकरण आणि संरक्षक भिंतींची कामे झाली. पात्र रुंद झाल्याने पाण्याचा निचरा सुधारला. परंतु अतिवृष्टी आणि भरती एकाच वेळी आली, की कुर्ल्याच्या क्रांतिनगरमधील रहिवाशांना आजही घरे सोडावी लागतात.

नावातील 'विकास' भिंतींच्या रूपाने दिसतो. 'संरक्षण' मात्र मागे पडले. भिंत पुराला अडवते, सांडपाण्याला नव्हे. शेकडो झोपडपट्ट्यांचे मैलापाणी आणि लहान उद्योगांतील तेल व रसायने नाल्यांवाटे पात्रात उतरत राहिली. हे पाणी वाटेतच अडवून प्रक्रिया केंद्रांकडे वळवण्याची कामे महापालिकेने बऱ्याच उशिरा हाती घेतली. बापट नाला व सफेद पूल नाला यांचे सांडपाणी बोगद्यातून धारावीच्या केंद्राकडे नेण्याची योजना हा त्यांतलाच एक भाग.

दर पावसाळ्यापूर्वी निघणाऱ्या गाळाचा हिशेब हा वेगळाच विषय. किती गाळ निघाला आणि तो कोठे टाकला, यावर वर्षानुवर्षे वाद झाले. अखेर मे २०२५ मध्ये मुंबई पोलिसांच्या आर्थिक गुन्हे शाखेने गाळ काढण्याच्या कामांतील सुमारे ६५ कोटी रुपयांच्या कथित गैरव्यवहारप्रकरणी कंत्राटदार व महापालिकेच्या अधिकाऱ्यांसह १३ जणांविरुद्ध गुन्हा नोंदवला.