वार नसलेला दिवस

जे. आर. आर. टॉल्किन यांच्या ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ या कादंबरीचा तिसरा खंड ऑक्टोबर १९५५मध्ये इंग्लंडमध्ये प्रसिद्ध झाला. कथा संपल्यावर त्यात बरीच परिशिष्टे आहेत. वंशावळी, लिप्या आणि सनावळ्या यांच्या सोबतीला एक परिशिष्ट केवळ कालगणनेचे आहे. कथेच्या ओढीने आलेला वाचक ते सहज ओलांडून जातो. पंचांगाचा इतिहास जाणणाऱ्याने मात्र तिथे थोडे थांबावे.

कादंबरीतले हॉबिट हे ठेंगणे, शेतीवर जगणारे, खाण्यापिण्याची हौस असलेले लोक. ‘शायर’ हा त्यांचा मुलूख. त्यांच्या वर्षात तीस दिवसांचे बारा महिने असतात. उरलेले पाच दिवस कुठल्याच महिन्याचे नाहीत. वर्षाचा शेवटचा आणि पहिला दिवस म्हणजे दोन ‘यूल’. ऐन उन्हाळ्यात दोन ‘लिथ’ आणि त्यांच्या मधोमध मध्यवर्षदिन. लीप वर्षी त्यामागून आणखी एक दिवस येतो, ‘ओव्हरलिथ’. ही मांडणी इतिहासाला नवी नाही. प्राचीन इजिप्तचे वर्ष असेच तीस-तीसचे बारा महिने आणि वर पाच दिवस असे होते. फ्रेंच राज्यक्रांतीने १७९३मध्ये लागू केलेली दिनदर्शिकाही त्याच घडणीची होती.

महिन्यांची नावे टॉल्किन यांनी हवेतून आणलेली नाहीत. ते ऑक्सफर्डमध्ये जुन्या इंग्रजीचे प्राध्यापक होते. बीड या मठवासी विद्वानाने इसवी सन ७२५मध्ये कालगणनेवर लिहिलेल्या लॅटिन ग्रंथात आपल्या पूर्वजांचे महिने नोंदवले आहेत. गाईंचे दिवसातून तीनदा दूध काढता येई तो ‘थ्रिमिल्की’. गुरे बळी दिली जात तो ‘ब्लोडमोनाथ’. शायरमध्ये त्यांचेच ‘थ्रिमिज’ आणि ‘ब्लोटमाथ’ झाले. बीड आणखी एक गोष्ट सांगतो. हे लोक चांद्र महिन्यांचा सौर वर्षाशी मेळ घालण्यासाठी मधूनमधून उन्हाळ्यात एक जादा महिना धरत, आणि तीन ‘लिथा’ असलेल्या अशा वर्षाला वेगळे नाव देत. अधिक महिना पाळणाऱ्या आणि ‘दुष्काळात तेरावा महिना’ म्हणणाऱ्या आपल्याला ही युक्ती समजावून सांगावी लागत नाही.

शायरच्या पंचांगाची खरी गंमत पुढच्या सुधारणेत आहे. ३६५ला सातने भागले की एक उरतो. म्हणून दरवर्षी तारखेचा वार सरकतो. हॉबिटांनी यावर साधा तोडगा काढला. मध्यवर्षदिन आणि ओव्हरलिथ यांना वारच द्यायचा नाही. उरले ३६४ दिवस, बरोबर बावन्न आठवडे. तेव्हापासून प्रत्येक तारखेचा वार कायमचा ठरला. पत्रात वा रोजनिशीत वार लिहिण्याचीही गरज उरली नाही. घरी हे सोयीचे होते. शेजारच्या ब्री गावापलीकडे प्रवासाला निघाले की मात्र पंचाईत व्हायची, असे टॉल्किन मिश्कीलपणे नोंदवतात.

हेच गणित त्या काळात खऱ्या जगासमोरही होते. एलिझाबेथ अकेलिस या अमेरिकन बाईंनी १९३०मध्ये संस्था काढून ‘विश्व दिनदर्शिके’चा प्रचार चालवला होता. तिच्यात वर्षाअखेरीचा एक दिवस वाराविना, आणि लीप वर्षी जूनअखेर असाच आणखी एक. संयुक्त राष्ट्रांपुढे हा प्रस्ताव मांडण्यात भारताने पुढाकार घेतला आणि शास्त्रज्ञ मेघनाद साहा यांनी १९५४मध्ये जिनिव्हात त्याची बाजू मांडली. विरोध झाला तो आठवड्यासाठी. एका दिवसाला वार नाकारला की ज्यूंचा शब्बाथ, ख्रिस्ती लोकांचा रविवार, मुसलमानांचा शुक्रवार हे सगळे जगाच्या वारांपासून सुटून भटकू लागणार. आपल्याकडचा सोमवारचा उपास तरी मग कोणत्या दिवशी धरायचा? अमेरिकेने १९५५मध्ये धार्मिक भावनांचा हवाला देऊन नकार कळवला. पुढच्या वर्षी प्रस्ताव बासनात गेला. फ्रेंचांनी तर सात दिवसांचा आठवडा मोडून दहा दिवसांचे ‘दशक’ आणले होते. नेपोलियनने १ जानेवारी १८०६पासून ती दिनदर्शिकाच बंद केली. हॉबिटांना सुधारणा पचली, कारण शायरमध्ये साप्ताहिक उपासनेचा वार कथेत कुठेच नाही. महत्त्वाचा वार आहे तो सुट्टीचा आणि मेजवानीचा.

साहांच्याच अध्यक्षतेखाली १९५२मध्ये भारताची पंचांग सुधारणा समिती नेमली गेली. नागपूरचे के. ल. दफ्तरी आणि पुण्याचे ज. स. करंदीकर तिचे सदस्य होते. देशात तेव्हा सुमारे तीस पंचांगे चालत होती. समितीच्या शिफारशीवरून २२ मार्च १९५७ हा शके १८७९चा १ चैत्र ठरला आणि राष्ट्रीय दिनदर्शिका सुरू झाली. वारांना तिने हात लावला नाही. राजपत्रावर आणि आकाशवाणीवर ती आजही आहे. पण गुढी उभारली जाते ती चांद्र प्रतिपदेलाच.

कादंबरीच्या शेवटी अंगठी नष्ट होते ती २५ मार्चला. नवा राजा त्या दिवसापासून नवे वर्ष धरतो. इंग्लंडमध्येही १७५२पूर्वी कायदेशीर वर्ष याच तारखेला सुरू होई. राजाची गणना हळूहळू त्याच्या सगळ्या मुलखांत रुजते. अपवाद फक्त शायरचा. तिथे जुने आकडे तसेच पुढे चालतात आणि नवे युग सुरू झालेच असेल तर ते आपल्या यूलपासून, मार्चपासून नव्हे, असे हॉबिट म्हणतात. स्वतःची सुधारणा आनंदाने स्वीकारणारे हेच लोक राजाची सुधारणा नाकारतात, आणि राजा त्यांच्यावर सक्ती करीत नाही. टॉल्किन यांच्या कल्पित पंचांगात इतिहासाशी सर्वांत इमान राखणारी गोष्ट हीच असावी. दिवसांची बेरीज कोणालाही करता येते, पण सणाचा दिवस कोणता हे ज्यांच्या घरी सण असतो तेच ठरवतात.