जंबो ब्लॉकमधला हत्ती

‘पश्चिम रेल्वेवर आज जंबो ब्लॉक’, म्हणजे दुरुस्तीसाठी काही तास रूळ बंद. शनिवारी रात्री पान लावताना हा मथळा मी निवृत्तीपर्यंत किती वेळा दिला, त्याची गणती नाही. एका कॉलमात सुटसुटीत बसतो. जंबो हे एका हत्तीचं नाव होतं, हे मला डेस्क सोडल्यावर कळलं.

आफ्रिकेत पकडलेला हा हत्ती १८६५ साली पॅरिसहून लंडनच्या प्राणिसंग्रहालयात आला. मॅथ्यू स्कॉट त्याला सांभाळी. दिवसा पाठीवर पोरांना फिरवणारा जंबो रात्री मात्र कोठडीच्या भिंतींना धडका देई. माजावर येऊन कुणाचा जीव घेईल, ही अधीक्षक बार्टलेटना धास्ती. १८८२ साली त्यांनी तो दोन हजार पौंडांना अमेरिकेच्या बार्नमला विकला, सर्कशीसाठी.

इथून पुढचा हत्ती आमच्या धंद्याचा. तो पेटाऱ्यात शिरेना, रस्त्यातच बसला. वर्तमानपत्रांना आणखी काय हवं! ‘डेली टेलिग्राफ’च्या संपादकांनी बार्नमला तार करून विचारलं, सौदा मोडायला काय घ्याल? लाख पौंड दिले तरी नाही, असं उत्तर आलं, तेही छापलं. पोरांनी राणीला पत्रं लिहिली. जंबोच्या नावाच्या टोप्या, टाय, सिगार निघाले. शेजारच्या ॲलिस हत्तिणीला तर पत्रकारांनी परस्पर त्याची बायकोच करून टाकलं. मोठ्या वस्तूला जंबो म्हणायची सवय जगाला लागली ती या गदारोळानंतर.

त्याचा सांगाडा न्यूयॉर्कच्या संग्रहालयात आहे. अलीकडे तो तपासणाऱ्यांना दाढा वेड्यावाकड्या वाढलेल्या दिसल्या. रात्रीच्या त्या धडका बहुधा दाढदुखीच्या असाव्यात.

१५ सप्टेंबर १८८५ला कॅनडातल्या सेंट थॉमस इथे खेळ आटोपून जंबोला रुळांवरून डब्याकडे नेत होते. मालगाडीने उडवला. छोट्या टॉम थंब हत्तीला वाचवताना त्याने जीव दिला, अशी कथा बार्नमने पसरवली. मी त्या रात्री डेस्कवर असतो तर पहिल्या पानावर घेतली असती, कबूल करतो. मग बार्नमने ॲलिसही विकत घेतली आणि जंबोच्या सांगाड्याबरोबर विधवा म्हणून मिरवली.

गेल्या रविवारी फलाटावर ताटकळत होतो. शेजारच्याने विचारलं, “काका, जंबो किती वाजता संपतो?”

“३.३५ला,” मी म्हणालो.