महागाई भत्त्याची कुळकथा

वसई रोड स्थानकाच्या पश्चिमेस वसलेल्या माणिकपुरात, जेथे एका अंगाला जुन्या ख्रिस्ती वाड्या आणि दुसऱ्या अंगाला मुंबईतील रेल्वे, महापालिका, बँका व सरकारी कचेऱ्या यांत उभी हयात घालवून निवृत्त झालेल्या मंडळींच्या गृहनिर्माण संस्था आहेत, तेथे जानेवारी व जुलै हे दोन महिने एका विशेष उत्कंठेचे असतात. हप्ता किती टक्क्यांचा जाहीर होणार, केंद्राने दिलेला राज्याला कधी लागू होणार, थकबाकी रोखीने पदरात पडणार की भविष्यनिर्वाह निधीत जमा होणार, याचा खल करणारे घोळके स्थानकाबाहेरील चहाच्या टपरीपासून चर्चच्या आवारापर्यंत आढळतात. महागाई भत्ता आता इतका अंगवळणी पडला आहे, की तो वेतनाचा स्वभावसिद्ध घटक वाटावा. परंतु त्याची कुळी शोधू गेल्यास असे दिसते, की तो कोणाच्या औदार्यातून नव्हे, तर संपांतून, चौकशी न्यायालयांतून आणि ‘महागाई कोणाच्या करणीने होते, आणि तिचा भार कोणी वाहावा’ या अर्थशास्त्रातील जुन्या वादातून जन्मास आला आहे.

पूर्वीच्या ग्रामव्यवस्थेत या भत्त्याचे प्रयोजनच नव्हते. बलुतेदाराचा मोबदला खळ्यावर धान्यात मापला जाई. धान्य महागले तरी त्याच्या वाट्याचे माप तेवढेच राही. पेशवाईतील कागदपत्रांत ‘महर्गता’ झाल्याचे उल्लेख येतात, बाजारात निरख ठरवून देण्याची वहिवाटही त्या काळी होती. पण पोटाला जे मिळायचे ते बऱ्याच अंशी जिनसांतच मिळत असल्यामुळे पैशाच्या मोलातील चढउतार श्रमिकाच्या चुलीपर्यंत पुरता पोचत नसे. आगगाडी आणि कापडगिरणी यांनी हे चित्र पालटले. १८६७ साली विरारहून मुंबईकडे गाडी धावू लागली, आणि पुढील काळात या पट्ट्यातील माणूस ज्या प्रमाणात रोख पगाराचा धनी झाला, त्या प्रमाणात तो बाजारभावाचा ताबेदारही झाला. अन्नधान्य फार कडाडले म्हणजे कनिष्ठ नोकर व शिपाई यांना धान्यभरपाईदाखल काही रक्कम देण्याची पद्धत इंग्रजी अमदानीत होती खरी. मात्र ती मेहेरबानी होती, हक्क नव्हे.

हक्काची भाषा पहिल्या महायुद्धाने शिकविली. युद्धामुळे कापडाला अपूर्व भाव आला, गिरणीमालकांचे नफे फुगले आणि त्याच वेळी कामगाराचे तांदूळ-ज्वारी त्याच्या आवाक्याबाहेर गेले. मालकांनी १९१७ मध्ये वेतनावर दहा टक्के युद्धभत्ता दिला, पुढे तो थोडा वाढविला, स्वस्त धान्याची दुकानेही उघडली; तरी असंतोष शमला नाही, आणि १९१९ च्या जानेवारीत लाखाहून अधिक कामगारांनी सार्वत्रिक संप केल्यावर तो भत्ता ३५ टक्क्यांवर गेला. किती वाढ न्याय्य, हे मात्र दोन्ही पक्षांच्या घशाच्या जोरावर ठरत होते. म्हणून १९२१ मध्ये मुंबई सरकारने श्रम कार्यालय स्थापिले. त्याने जुलै १९१४ चे भाव शंभर धरून श्रमिकवर्गाच्या राहणीखर्चाचा निर्देशांक मासिक ‘लेबर गॅझेट’मध्ये प्रसिद्ध करण्यास प्रारंभ केला. कामगाराच्या घरी तांदूळ किती लागतो, डाळ किती, रॉकेल किती, खोलीचे भाडे किती, याची नोंद घेऊन त्या सर्वांचा एकच आकडा करावयाचा ही कल्पना वरवर रूक्ष दिसते. पण भुकेची तक्रार पुराव्यानिशी मांडण्याचे एवढे समर्थ साधन त्यापूर्वी कामगाराच्या हाती कधीच आले नव्हते, असे माझे मत आहे.

दुसरे महायुद्ध सुरू होताच या साधनाची कसोटी लागली. १९४० च्या मार्चमध्ये महागाई भत्त्याच्या मागणीसाठी मुंबईच्या गिरण्या सुमारे चाळीस दिवस बंद पडल्या. न्यायमूर्ती रांगणेकर यांच्या अध्यक्षतेखालील समेट मंडळाने निर्देशांक आणि भत्ता यांची सांगड घालून दिली. त्याच वर्षी जी. आय. पी. रेल्वेच्या कामगारांचा तंटा बेनेगल नरसिंह राव यांच्या चौकशी न्यायालयापुढे गेला. पुढे संविधान सभेचे सल्लागार म्हणून ज्यांचे नाव देशाला ठाऊक झाले, तेच हे राव. त्यांच्या न्यायालयाच्या शिफारशीवरून १९४१ साली सिमल्यास राहणीखर्च निर्देशांकाचे स्वतंत्र संचालनालय निघाले, मुंबईच्या श्रम कार्यालयात तयार झालेल्या एस. आर. देशपांडे यांनी ते चालविले, आणि १९४६ मध्ये त्याचेच श्रम ब्यूरोत रूपांतर झाले. आज साऱ्या देशाचा महागाई भत्ता ज्या आकड्यावर ठरतो, त्या आकड्याचे उगमस्थान असे मुंबईच्या गिरण्यांत आणि रेल्वेच्या यार्डांत आहे.

पण युद्धकाळात भाव का वाढत होते? येथे शास्त्राचा प्रवेश होतो. इंग्लंडच्या युद्धखर्चासाठी हिंदुस्थानात माल घेतला जाई, त्याचे मोल लंडनमध्ये स्टर्लिंगच्या रोख्यांत जमा होई आणि त्या रोख्यांच्या आधारावर येथे नोटा छापल्या जात. परिणामी १९३९ साली सुमारे १८० कोटी रुपयांचे असलेले नोटांचे चलन सहा वर्षांत हजार कोटींच्या वर गेले. माल देशाबाहेर, कागद देशात! मुंबई विद्यापीठाचे प्राध्यापक चंदुलाल वकील यांनी १९४३ मध्ये ‘द फॉलिंग रुपी’ या पुस्तकातून या चलनवाढीवर बोट ठेविले. त्याच साली पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेतून धनंजयराव गाडगीळ व सोवनी यांनी युद्धकालीन अर्थनीतीची चिकित्सा केली व नियंत्रण आणि वाटप यांच्या व्यवस्थेवर भर दिला; मुंबईत शिधावाटपही त्याच मे महिन्यात सुरू झाले. या दोन्ही विचारांच्या मागे वीस वर्षांपूर्वीचा एक ग्रंथ उभा होता. डॉ. आंबेडकरांनी १९२३ च्या ‘द प्रॉब्लेम ऑफ द रुपी’मध्ये असे प्रतिपादिले होते, की रुपयाची सोन्याशी किंवा पौंडाशी सांगड घालण्यापूर्वी त्याची वस्तू विकत घेण्याची शक्ती स्थिर राहिली पाहिजे आणि त्यासाठी नाणी पाडण्याची सरकारची मोकळीकच बंद केली पाहिजे. हेच आंबेडकर १९४२ ते १९४६ या काळात व्हाइसरॉयच्या मंडळात श्रममंत्री होते, ही गोष्ट मला फार अर्थपूर्ण वाटते. रुपयाचे मोल घसरले म्हणजे त्याची झळ कोणाला लागते, हे त्यांना ग्रंथातून आणि दप्तरातून, दोन्हीकडून दिसत होते.

स्वातंत्र्यानंतर ही व्यवस्था सरकारी नोकरीत रुजली. १९४७ च्या पहिल्या वेतन आयोगाने किमान वेतन ५५ रुपये ठरविले, त्यांत २५ रुपये महागाई भत्त्याचे होते. म्हणजे तात्पुरता म्हणून आलेला पाहुणा प्रारंभापासूनच जवळजवळ निम्म्या घराचा मालक होता. १९५२ मध्ये काकासाहेब गाडगीळांच्या समितीने अर्धा भत्ता वेतनात विलीन करावा असे सुचविले, आणि १९६७ मध्ये न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांच्या आयोगाने त्याचे सूत्र पुन्हा बांधले. दरम्यान १९६३ मध्ये मुंबईच्या कामगारांनी निर्देशांकच खोटा असल्याची हाकाटी केली, लकडावाला समिती नेमली गेली, आणि तो खरोखरच महागाई कमी दाखवीत होता असा निर्वाळा तिने दिला.

सर्वांत तीव्र परीक्षा १९७४ ची. महाराष्ट्रात १९७२ चा दुष्काळ नुकताच येऊन गेला होता, १९७३ च्या अखेरीस खनिज तेलाचे भाव चौपट झाले होते, आणि १९७४-७५ या वर्षात घाऊक भाव सुमारे २५ टक्क्यांनी चढले. प्रा. वकील व प्रा. ब्रह्मानंद यांच्या पुढाकाराने शंभराहून अधिक अर्थशास्त्रज्ञांनी पंतप्रधानांना निवेदन देऊन चलनाचा पुरवठा आवरण्याचा आग्रह धरला. सरकारने जुलैत वटहुकूम काढून वाढीव वेतनाची सारी रक्कम एक वर्ष आणि वाढीव महागाई भत्त्याचा अर्धा भाग दोन वर्षे सक्तीने ठेव म्हणून अडकवून ठेवला. भत्त्यामुळे मागणी वाढते, मागणीमुळे भाव आणि भावामुळे पुन्हा भत्ता, हा त्यामागील तर्क. हा तर्क सर्वस्वी निराधार नाही. परंतु भत्ता भावाच्या मागून येतो, पुढून नव्हे, हा काळाचा क्रम त्यात दृष्टीआड होतो. आजही केंद्रीय भत्ता मागील बारा महिन्यांच्या सरासरीवर ठरतो, म्हणजे तो मिळेपर्यंत महागाईचा भार नोकरदाराने आधीच सोसलेला असतो. पाऊस न पडल्याने महागलेली ज्वारी आणि आखाती देशांच्या निर्णयाने महागलेले रॉकेल यांचा दोष पगारपत्रकावर टाकणे मला न्यायाचे वाटत नाही. कोविडच्या साथीत २०२० पासूनचे तीन हप्ते गोठविले गेले, तेव्हा त्या काळची थकबाकी तर दिलीही गेली नाही.

आणि तरीही माणिकपुरातील खरा प्रश्न निवृत्तांना निवृत्तिवेतनावर मिळणाऱ्या ‘महागाई वाढी’चा नाही. ज्या निर्देशांकावर ती ठरते तो औद्योगिक कामगारांचा. पण येथील बाजारात केळी, पानवेलीची पाने आणि भाजी घेऊन बसणाऱ्या बाईला तो लागू नाही, रिक्षावाल्याला नाही, घरकाम करणाऱ्या बाईला नाही. त्यांचे भाडे आणि रॉकेल-गॅस मात्र त्याच आकड्याबरोबर चढतात. किमान वेतनाच्या कायद्याखाली महाराष्ट्रात दुकाने, उपाहारगृहे आणि लहान कारखाने यांतील कामगारांसाठी दर सहा महिन्यांनी निर्देशांकावर आधारलेला ‘विशेष भत्ता’ मुक्रर केला जातो, हे फारच थोड्यांना ठाऊक आहे. १९१९ च्या गिरणीकामगाराजवळ निर्देशांक नव्हता, पण त्याच्या मागे लाखाची संख्या उभी होती. माणिकपूरच्या पेढीवर तागे उलगडणाऱ्या मुलासाठी निर्देशांक, कायदा आणि सहामाही हुकूम हे तिन्ही सिद्ध आहेत, आणि तो हुकूम मालकाला दाखविणारे कोणीच नाही.