इंदिरासागरावरचा पाऊस : घातांकी संख्यांचा गुणाकार

* इंदिरासागर : नर्मदेवरचा हा जलाशय खंडवा, हरदा व देवास जिल्ह्यांत पसरला आहे. पूर्ण भरल्यावर त्याचे क्षेत्र सुमारे ९१३ चौ.कि.मी., म्हणजे ९.१३ × १०^८ चौ.मी. त्यावर २५ मि.मी., म्हणजे २.५ × १०^−२ मीटर पाऊस पडला तर किती पाणी? आधी अंक गुणावेत : ९.१३ × २.५ = २२.८२५. मग घातांकांची बेरीज : ८ + (−२) = ६. दशांशचिन्हाच्या डावीकडे एकच अंक हवा, म्हणून चिन्ह एक घर डावीकडे न्यावे व घातांक एकाने वाढवावा : २.२८२५ × १०^७. पावसाचे माप दोन सार्थ अंकांचे, तेव्हा उत्तर २.३ × १०^७ घनमीटर, म्हणजे २.३ कोटी. शून्ये मोजताना होणारी चूक या रीतीने टळते. विद्यार्थ्यांनी हे गणित कागदावर स्वतः करून पाहावेच. — संपादक