आवाजाची किल्ली

दौंडच्या आमच्या आत्याबाईंच्या ओव्यांची एक कॅसेट घरात होती. २००५ च्या सुमारास, मी शिरूरला राहत असताना, तिथल्या एका दुकानात ती संगणकावर उतरवून सीडी करून घेतली. काही वर्षांनी नव्या संगणकात सीडी घातली. फाइल दिसली, तिचे आकारमानही पूर्वीइतकेच होते. आवाज मात्र उमटेना. आवश्यक कोडेक उपलब्ध नाही, एवढीच सूचना पडद्यावर आली. कॅसेट तोवर बुरशीने गेली होती आणि आत्याबाईही राहिल्या नव्हत्या.

ही सूचना त्या दशकात संगणक वापरलेल्या प्रत्येकाने कधी ना कधी वाचलेली असेल. तिचा अर्थ समजून घेण्यासारखा आहे. सीडीवरील ध्वनी म्हणजे प्रत्येक सेकंदाला ४४,१०० वेळा घेतलेली आवाजाची मोजमापे होत. अशा एका मिनिटाला सुमारे १० मेगाबाइट जागा लागते. एमपी३ सारखी पद्धत, कानाला एरवीही ऐकू न येणारा भाग गाळून, हेच मिनिट सुमारे एका मेगाबाइटमध्ये बसवते. म्हणजे फाइलीत उरते ते ध्वनीचे संक्षिप्त टिपण. ते कोणत्या नियमाने लिहिले हे ठाऊक असलेला वाचक नसेल तर ते निरर्थक आकडे ठरतात. हा वाचक म्हणजे कोडेक. विंडोजमध्ये तो बहुधा डीएलएल प्रकारच्या फाइलीत वसतो. या नावातला ‘लायब्ररी’ हा शब्द अगदी सार्थ आहे. अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायचे ते एक सामाईक ग्रंथालयच असते. त्यातला एक ग्रंथ हरवला, की त्यावर विसंबलेले सारेच प्रोग्राम मुके होतात.

प्रश्न असा, की या ग्रंथालयाचा मालक कोण? एमपी३ मागील मानक १९९३ साली प्रसिद्ध झाले आणि १९९५ मध्ये त्या फाइलींना हे नाव मिळाले. तरी त्यावरील पेटंटांचे हक्क २०१७ पर्यंत टिकून होते. इतर अनेक कंपन्यांनी तर आपापल्या पद्धतींचे नियम उघडच केले नाहीत. कंपनीचे लक्ष दुसरीकडे वळले, की त्या पद्धतीत साठवलेला आवाज अनाथ होई. याला उत्तर शोधले ते मुख्यतः स्वयंसेवकांनी. फ्रान्समधील फाब्रिस बेलार यांनी २००० साली एफएफएमपेग हा प्रकल्प सुरू केला. पॅरिसजवळच्या एका शिक्षणसंस्थेतील विद्यार्थ्यांचा व्हीएलसी हा वादक २००१ मध्ये मुक्त परवान्याखाली आला. बंदिस्त पद्धतींचे नियम बाहेरून अनेकांनी उलगडले आणि ते सर्वांसाठी खुले ठेवले. आत्याबाईंचा आवाज मला पुन्हा ऐकू आला तो अशाच एका मुक्त वादकामुळे. ज्यांनी ओवी हा शब्दही कधी ऐकला नसेल, अशा माणसांचे हे ऋण आहे.

याच काळात पुण्यात ओव्यांसाठीच एक मोठे काम चालू होते. हेमा राईरकर आणि गी पॉइट्वाँ यांनी आपल्या सहकाऱ्यांसह महाराष्ट्रातील हजारांहून अधिक गावांतून एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या जमवल्या. १९९० च्या दशकात बर्नार्ड बेल त्यांना येऊन मिळाले. संगणकावरील कोश आणि ध्वनिमुद्रण या अंगांनी कामाला वेगळी दिशा लाभली. पॉइट्वाँ २००४ मध्ये आणि राईरकर २०१० मध्ये निवर्तल्या. पण संग्रह मात्र बोलता राहिला. २०१७ पासून ‘पारी’ या संकेतस्थळावर त्या ओव्या शब्द, ध्वनी आणि चित्रफिती या तिन्ही रूपांत प्रसिद्ध होऊ लागल्या. याचे कारण केवळ यंत्रात शोधून चालणार नाही. ओवी कोणाची, कोणत्या गावची, कोणत्या विषयाची, याची नोंद तिच्यासोबत ठेवलेली होती. आवाज उलगडायला कोडेक लागतो, तसा अर्थ उलगडायला ही नोंद लागते.

खरे तर ओवीचे पहिले वादनयंत्र जातेच होते. विजेवरची पिठाची गिरणी गावोगावी आली आणि पहाटेचे दळण थांबले. आत्याबाईंना नुसते ‘ओवी म्हणा’ म्हटले, तर दोन ओळींपुढे आठवत नसे. एका लग्नात हळद दळण्यासाठी त्यांच्या हाती खुंटा दिला आणि तासभर ओव्या थांबल्या नाहीत. ती कॅसेट त्या दिवशीची. स्मरण त्यांच्यापाशी होते. ते उलगडण्याची रीत हाताच्या त्या फेऱ्यात होती.

म्हणून जतन म्हणजे केवळ साठवण नव्हे. शिरूर-दौंडकडच्या कितीतरी घरांत अजून अशा कॅसेटी असतील. त्या उतरवून घेताना एक प्रत ‘वेव्ह’ सारख्या न आक्रसलेल्या, उघड नियमांच्या पद्धतीत अवश्य ठेवावी. सोबत गाणारीचे नाव, गाव आणि तारीख साध्या मराठीत लिहावी. आत्याबाईंच्या फाइलीला मी आता तसे केले आहे. त्यात मधेच जात्याची घरघर ऐकू येते. दुकानदाराने ती ‘खरखर’ समजून काढून टाकू का, असे विचारले होते. नको म्हणालो, हे बरे झाले.